१० रुपये पगारावर हॉटेलात राबणारे अण्णा साळुंके भारतीय सिनेमाची पहिली ‘हिरॉईन’ ठरले

भारतीय सिनेमाची पहिली हिरॉईन कोण, असं विचारलं तर कुणी देविका राणीचं नाव घेईल, कुणी दुर्गा खोटेंचं. पण खरं उत्तर आहे अण्णा साळुंके. आणि हो, अण्णा पुरुष होते.

गोष्ट आहे १९१२ सालची. दादासाहेब फाळके ‘राजा हरिश्चंद्र’ची जुळवाजुळव करत होते. हरिश्चंद्राच्या भूमिकेसाठी दत्तात्रय दाबके मिळाले. रोहिदास व्हायला घरचाच भालचंद्र होता. घोडं अडलं ते तारामतीपाशी. त्या काळी बाईनं तोंडाला रंग लावणं म्हणजे घराण्याची अब्रू घालवणं. फाळक्यांनी पेपरात जाहिराती दिल्या, अगदी वेश्यावस्तीतही विचारून पाहिलं. पण कुणीच तयार होईना.

अशात मुंबईच्या ग्रँट रोडवरच्या एका हॉटेलात त्यांची नजर अण्णांवर पडली. शिडशिडीत अंगकाठी, नाजूक हात. पगार महिना १० रुपये. फाळक्यांनी १५ रुपये देऊ केले आणि तारामती सापडली!

३ मे १९१३ ला गिरगावच्या कोरोनेशन थिएटरमध्ये सिनेमा लागला. साडीतले अण्णा महाराणी म्हणून लोकांनी बघितले.

याच १९१३ साली बालगंधर्वांनी ‘गंधर्व नाटक मंडळी’ सुरू केली होती. तेही स्त्री भूमिकाच करायचे. पण त्यांच्या नाटकांसाठी अख्खा महाराष्ट्र वेडा झाला, त्यांच्या साड्यांची फॅशन घराघरात पोहोचली. अण्णांच्या वाट्याला यातलं काहीच आलं नाही. मूक सिनेमात ना गाणं होतं, ना आवाज.

पुढे फाळक्यांच्याच ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई या मायलेकी पडद्यावर आल्या. आता अण्णांचं काम संपलं, असं कुणालाही वाटलं असतं. झालं उलटंच.

१९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये सीता झाले अण्णा आणि राम झाले तेही अण्णाच! भारतीय सिनेमातला हा पहिला डबल रोल मानला जातो. सिनेमा तुफान चालला. पडद्यावर राम दिसला की लोक पायातल्या चपला काढायचे, असं सांगतात. म्हणजे काही वर्षांपूर्वी हॉटेलात राबणाऱ्या माणसापुढे आता थिएटर हात जोडत होतं.

अण्णा एवढ्यावर थांबले नाहीत. ते कॅमेऱ्यामागचं कामही शिकले. ‘सत्यनारायण’ (१९२२) आणि ‘बुद्धदेव’ (१९२३) या सिनेमांचे कॅमेरामन म्हणून त्यांचं नाव लागलं.

भारतीय सिनेमाचे जनक म्हणून फाळक्यांचं नाव शाळकरी पोरांनाही पाठ असतं. सिनेमातला सगळ्यात मोठा सरकारी पुरस्कारही त्यांच्याच नावानं दिला जातो. पण त्यांचा पहिला सिनेमा ज्या तारामतीवाचून अडला होता, ती पडद्यावर उभी राहिली ती अण्णा साळुंकेंमुळेच.