लुइसा मे अल्कॉट

शान्ता शेळके यांची ‘चौघीजणी’ पुष्कळ भगिनींनी वाचली असेल. तिची मूळ लेखिका लुइसा मे अल्कॉट हिचा जन्म अमेरिकेत २९ नोव्हेंबर १८३२ रोजी झाला. वडील विद्वान, पण मिळकत बेताची. घरात चार बहिणी. लुइसाने शिवणकाम केले, शिकवण्या केल्या, परक्या घरी मोलकरीण म्हणूनही ती राबली. यादवी युद्धात जखमी सैनिकांची शुश्रूषा करताना विषमज्वराने तिची प्रकृती कायमची ढासळली.

पुढे प्रकाशकाने मुलींसाठी पुस्तक मागितले. तिचे मन त्यात नव्हते. पण घरचे कर्ज डोळ्यांपुढे होते. १८६८ साली काँकर्डच्या घरी बसून तिने आपल्या बहिणींचेच जीवन लिहून काढले. त्या काळी मुलींच्या पुस्तकांत उपदेशच फार. येथे मात्र भांडणाऱ्या, चुकणाऱ्या, पुन्हा एक होणाऱ्या मुली होत्या. पहिल्या २,००० प्रती हातोहात खपल्या. पुस्तकाचे हक्क तिने विकले नव्हते, म्हणूनच घरचे कर्ज फिटले.

ती अविवाहित राहिली. धाकटी बहीण वारल्यावर तिची तान्ही मुलगी लुइसानेच वाढविली. ६ मार्च १८८८ रोजी ती निवर्तली. नाखुषीने हाती घेतलेले ते पुस्तक आजही मुली आवडीने वाचतात.