अर्देशिर इराणी

अर्देशिर मारवान इराणी (५ डिसेंबर, इ.स. १८८६, पुणे - १४ ऑक्टोबर, इ.स. १९६९, मुंबई) हे भारतीय चित्रपटनिर्माते व दिग्दर्शक होते. इ.स. १९२६ मध्ये त्यांनी इंपीरियल फिल्म कंपनी स्थापन केली. गिरगावातील मॅजेस्टिक चित्रगृहात १४ मार्च, इ.स. १९३१ रोजी प्रदर्शित झालेला त्यांचा 'आलम आरा' हा भारतातील पहिला बोलपट होय. स्टुडिओ रेल्वेमार्गालगत असल्याने त्याचे बरेचसे चित्रीकरण रात्री, गाड्यांचा खडखडाट थांबल्यावर करावे लागे.

फारसी भाषेतील पहिला बोलपट 'दुख्तर-ए-लोर' (इ.स. १९३३) हादेखील मुंबईत, याच कंपनीत तयार झाला. अब्दुलहुसेन सेपंता यांनी त्याची कथा लिहिली व नायकाची भूमिकाही केली. दरोडेखोरांच्या दहशतीत अडकलेल्या गुलनार या तरुणीची ही कथा तेहरानमध्ये अतिशय गाजली. या यशाची किंमत मोजली ती मात्र नायिकेने. पडद्यावर दिसण्यास इराणी स्त्रिया धजावत नसत अशा त्या काळात गुलनार साकारणाऱ्या रूहअंगीझ सामीनेझाद यांना मायदेशी इतकी अवहेलना सोसावी लागली, की त्यांना पुढील आयुष्य अज्ञातवासात काढावे लागले.

इराणी यांनीच निर्मिलेला 'किसान कन्या' (इ.स. १९३७) हा भारतात प्रक्रिया केलेला पहिला रंगीत चित्रपट मानला जातो. 'दुख्तर-ए-लोर' आजही पाहता येतो. 'आलम आरा'ची मात्र एकही प्रत उपलब्ध नाही.