लिंकन यांचे पत्र आणि लिंकन यांची पत्रे

आमच्या कार्यालयाबाहेरच्या भिंतीवर एक तसबीर आहे. प्रवेशाच्या दिवशी पालकांबरोबर त्या बाकावर ताटकळलेल्या प्रत्येक माजी विद्यार्थ्याला ती आठवत असेल. अब्राहम लिंकन यांनी आपल्या मुलाच्या मुख्याध्यापकांना लिहिले म्हणून प्रसिद्ध असलेले पत्र तिच्यात आहे. कवी वसंत बापट यांनी त्याला दिलेल्या मराठी रूपामुळे ते आपल्याकडे शाळाशाळांतून पोहोचले. महाराष्ट्राबाहेरच्या आमच्या शाळेतही ते आले आणि भिंतीवर स्थिरावले.

काही वर्षांपूर्वी नववीतल्या एका मुलीने मला विचारले, की या पत्रावर तारीख का नाही. पत्रलेखनात तारीख आणि ठिकाण राहिले तर आम्ही गुण कापतो. मग लिंकनसाहेबांचे गुण कोणी कापले नाहीत का, असे तिचे म्हणणे होते. मी हसून वेळ मारून नेली. पण ज्या कागदाखाली बसून मी वीस वर्षे पालकांशी बोलले, त्याची तारीख मलाही ठाऊक नव्हती, ही गोष्ट मनाला लागून राहिली.

शोध घेतला तेव्हा कळले, की असे पत्र लिंकन यांच्या लेखनात नाही. त्यांची पत्रे, भाषणे आणि टिपणे रॉय बास्लर यांच्या संपादनाखाली १९५३ साली आठ खंडांत प्रसिद्ध झाली. त्यांत किरकोळ चिठ्ठ्यासुद्धा आहेत, हे पत्र मात्र नाही. थोरला मुलगा रॉबर्ट याने वडिलांचे कागद आयुष्यभर जपले आणि आपल्या मृत्यूनंतर एकवीस वर्षे ते खुले करू नयेत, अशी अट घालून राष्ट्रीय ग्रंथालयाच्या स्वाधीन केले. १९४७ साली त्या पेट्या उघडल्या. तिथेही ते सापडले नाही. पत्रातले विचार चांगले आहेत, पण ते लिंकन यांचे नव्हेत.

मग लिंकन यांनी खरोखर काय लिहिले? या प्रश्नाने मला त्यांच्या चरित्राकडे नेले, आणि तसबिरीतल्या माणसापेक्षा कितीतरी अधिक गुंतागुंतीचा माणूस तिथे भेटला.

१२ फेब्रुवारी १८०९ रोजी केंटकीतल्या एका लाकडी खोपटात त्यांचा जन्म झाला. वडिलांना कशीबशी सही करता येई. नऊ वर्षांचे असताना आई गेली. सावत्र आईने मात्र मुलाच्या वाचनाला आडकाठी केली नाही, उलट त्याची पाठराखण केली. शाळेत काढलेले सारे दिवस एकत्र केले तरी वर्ष भरणार नाही, असे पुढे त्यांनी स्वतःच नोंदवले. इंग्रजी व्याकरण त्यांनी वयाच्या तेविशीनंतर स्वतः अभ्यासले, आणि युक्लिडची भूमिती तर काँग्रेसचे सदस्यत्व उपभोगून परतल्यावर, चाळिशीच्या आसपास. परीक्षा नाही, प्रमाणपत्र नाही. सिद्ध करणे म्हणजे काय ते नीट कळावे, एवढाच हेतू. भूमितीला कंटाळणाऱ्या वर्गात ही हकीकत मी हमखास सांगते. तिचा परिणाम होतोच असे नाही.

स्प्रिंगफील्ड येथे त्यांनी वकिली केली. भागीदार विल्यम हर्नडन यांनी लिहून ठेवलेल्या आठवणी गमतीच्या आहेत. लिंकन महत्त्वाचे कागद आपल्या उंच टोपीत ठेवीत. कचेरीत एका गठ्ठ्यावर त्यांनीच सूचना लिहिली होती, की इतरत्र कुठे सापडले नाही तर यात पाहावे. वर्तमानपत्र ते मोठ्याने वाचत, त्याचा हर्नडन यांना फार त्रास होई. पण त्यांच्या गद्याचे मर्म मला या सवयीत दिसते. त्यांचे वाक्य आधी कानाला पटते, मग डोळ्याला.

१८५४ साली गुलामगिरीला नव्या प्रदेशांत वाट करून देणारा कायदा झाला आणि राजकारणातून जवळजवळ निवृत्त झालेले लिंकन पुन्हा उभे राहिले. १८५८ मध्ये स्टीफन डग्लस यांच्याशी त्यांचे सात जाहीर वादविवाद झाले. निवडणूक ते हरले. पण त्या भाषणांची वृत्तपत्रांतली कात्रणे त्यांनी वहीत चिकटवून ठेवली आणि १८६० मध्ये त्यांचे पुस्तक झाले. त्याच वर्षी फेब्रुवारीत न्यूयॉर्कच्या कूपर युनियनमध्ये ते बोलले. राज्यघटनेवर सह्या करणाऱ्या ३९ जणांनी गुलामगिरीबाबत आपापल्या कारकिर्दीत काय भूमिका घेतली, हे त्यांनी जुनी दफ्तरे चाळून शोधले होते. त्यांपैकी २१ जणांच्या कृतीवरून, संघराज्याच्या प्रदेशांत तिला आवर घालण्याचा केंद्राचा अधिकार त्यांना मान्य होता, असे त्यांनी दाखवून दिले. अलंकार जवळजवळ नाहीत. युक्लिडचा विद्यार्थी पायरीपायरीने प्रमेय सोडवतो आहे.

याच वादविवादांत, चार्ल्सटन येथे, काळ्या लोकांना सामाजिक व राजकीय समता देण्याच्या बाजूचा आपण नाही, असेही ते बोलून गेले. भिंतीवरच्या चित्रात ही गोष्ट मावत नाही. म्हणूनच ती विद्यार्थ्यांपासून लपवू नये, असे मला वाटते. ११ एप्रिल १८६५ च्या अखेरच्या जाहीर भाषणात मात्र काही काळ्या नागरिकांना मताधिकार द्यावा, असे त्यांनी सुचवले. श्रोत्यांत जॉन विल्क्स बूथ होता. तीनच दिवसांनी त्याने गोळी झाडली. चार्ल्सटनपासून या भाषणापर्यंतचे अंतर त्यांनी सात वर्षांत तोडले होते.

अध्यक्ष लिंकन यांच्या लेखनात काय ठेवले याइतकेच काय गाळले हेही पाहण्याजोगे आहे. पहिल्या शपथविधीच्या भाषणाचा शेवट सेवर्ड यांनी सुचवला. लिंकन यांनी शब्द कमी केले, लय बदलली, आणि तोच मजकूर त्यांचा झाला. १ जानेवारी १८६३ ची मुक्तीची घोषणा मात्र दस्तऐवजासारखी रुक्ष आहे. कोणती राज्ये, कोणते परगणे, कोणता अधिकार, एवढेच. ती न्यायालयात टिकावी यासाठी वकिलाने कवीला बाजूला बसवले होते. त्याच वर्षी १९ नोव्हेंबरला गेटिसबर्ग येथे एडवर्ड एव्हरेट दोन तास बोलले आणि लिंकन सुमारे २७० शब्द. ते भाषण आगगाडीत लिफाफ्याच्या पाठीवर खरडले, ही कथाही खरी नव्हे. त्याच्या पाच हस्तलिखित प्रती उपलब्ध आहेत, आणि एका मसुद्याचे पहिले पान अध्यक्षीय निवासाच्या छापील कागदावर शाईने लिहिलेले आहे.

त्याच जुलैत त्यांनी सेनापती मीड यांना एक कठोर पत्र लिहिले होते. गेटिसबर्गच्या विजयानंतर शत्रूचे सैन्य निसटू दिल्याचा संताप त्यात होता. ते त्यांनी पाकिटात घातले, आणि आपण यावर सही केली नाही व ते पाठवलेही नाही, अशी नोंद वर करून ठेवून दिले.

गुलामांच्या मुक्तीची वार्ता आपल्याकडेही पोहोचली होती. महात्मा जोतीराव फुले यांनी १८७३ मध्ये ‘गुलामगिरी’ प्रसिद्ध केली, ती अमेरिकेतल्या गुलामांना मुक्त करणाऱ्या तिथल्या लोकांना अर्पण करून.

आता त्या मुलीने मागितलेल्या तारखेकडे येते. २२ जुलै १८६०, स्प्रिंगफील्ड. लिंकन तेव्हा अध्यक्षपदाचे उमेदवार होते. आदल्या वर्षी हार्वर्डच्या प्रवेश परीक्षेत रॉबर्ट नापास झाला होता. या वर्षी त्याचा गावातला मित्र जॉर्ज लेथम नापास झाल्याचे रॉबर्टच्या पत्रातून कळले, तेव्हा लिंकन यांनी त्या मुलालाच पत्र लिहिले. बातमीने आपल्याला किती वेदना झाल्या हे सांगून, या अपयशात फारसे काही नाही, फक्त निराशेला मनात शिरू देऊ नकोस, असे ते समजावतात. सहज प्रवेश मिळालेल्यांपेक्षा तू पुढे अधिक चांगला विद्वान होणार नाहीस, असे यातून मुळीच सिद्ध होत नाही, हा त्यातला युक्तिवाद खास वकिलाचा आहे. शिवाय विद्यापीठाच्या प्रमुखांना जाऊन भेट, ते मार्ग सांगतील, असा व्यवहारी सल्लाही आहे. २३ डिसेंबर १८६२ चे दुसरे पत्र युद्धात वडील गमावलेल्या फॅनी मॅककलो या मुलीला आहे. त्याच वर्षी लिंकन यांचा विली हा मुलगा गेला होता. दुःख लगेच ओसरेल असे खोटे आश्वासन ते देत नाहीत. त्याला काळ लागेल, आज पटणार नाही, पण पुन्हा बरे वाटेल, हे आपण अनुभवाने सांगतो आहोत, एवढेच लिहितात.

जुनी तसबीर मी काढली नाही. तिच्याखालचे लिंकन यांचे नाव मात्र झाकले आहे आणि तिथे मराठी रूप वसंत बापट यांचे, असे लिहिले आहे. शेजारी लेथमला लिहिलेल्या पत्राचा मराठी अनुवाद लावला आहे. तो आमच्या दहावीच्या मुलांनी केला. निकालाच्या दिवशी बाकावर बसणाऱ्यांना तो समोरच दिसतो. उजव्या कोपऱ्यात तारीख आणि ठिकाण आहे.