गोदाकाठचा ‘अलबेला’ संगीतकार

नाशिकहून पुढे वाहत जाणाऱ्या गोदावरीच्या काठी पुणतांबे वसले आहे. चांगदेवांच्या समाधीसाठी ओळखल्या जाणाऱ्या या गावी १२ जानेवारी १९१८ रोजी रामचंद्र नरहर चितळकर यांचा जन्म झाला. संतपरंपरेच्या या भूमीतील मुलगा पुढे ट्रम्पेट, सॅक्सोफोन आणि बाँगोच्या ठेक्यावर अवघ्या देशाला नाचवील, हे त्या वेळी कुणाच्या स्वप्नातही आले नसेल. चित्रपटसृष्टीने त्यांना सी. रामचंद्र या नावाने ओळखले. निकटवर्तीयांसाठी ते अण्णाच राहिले.

त्यांचा पाया मात्र अस्सल शास्त्रीय संगीताचा होता. नागपुरात शंकरराव सप्रे आणि पुण्यात विनायकबुवा पटवर्धन यांच्याकडे त्यांनी गायनाचे धडे गिरवले. नायक होण्याची हौस त्यांना चित्रपटात घेऊन आली. १९३५च्या ‘नागानंद’मध्ये ती पुरी झाली, पण चित्रपट पडला. मग सोहराब मोदी यांच्या मिनर्व्हा मुव्हिटोनमध्ये किरकोळ भूमिका आणि हार्मोनियमची साथ, एवढेच हाती उरले. या पडत्या काळात भगवान पालव ऊर्फ मास्टर भगवान यांची मैत्री लाभली. प्रारंभी तमीळ चित्रपट आणि १९४२मध्ये ‘सुखी जीवन’ हा हिंदी चित्रपट त्यांना याच मैत्रीतून मिळाला.

त्या काळच्या मुंबईत जॅझ रुजला होता. १९३५मध्ये लिऑन अ‍ॅबी या कृष्णवर्णीय अमेरिकी कलावंताचा वाद्यवृंद ताजमहाल हॉटेलात वाजू लागला, आणि चर्चच्या शाळांत स्वरलिपी शिकलेल्या गोव्याच्या वादकांनी ते संगीत आत्मसात केले. त्यांपैकीच एक हळदोण्याचे अंतोनियो शाव्हियेर वाझ. लुई आर्मस्ट्राँगच्या ढंगाने ट्रम्पेट वाजवणारे वाझ ‘चिक चॉकलेट’ या नावाने प्रसिद्ध होते. पुढे ते अण्णांचे साहाय्यक झाले. चाल अण्णांची आणि तिला पाश्चात्त्य वाद्यमेळाचा साज चढवणारे हात गोमंतकीय, अशी ही भागीदारी होती.

१९४७च्या ‘शहनाई’ने तिची चुणूक दाखवली होती, १९५१च्या ‘अलबेला’ने कळस गाठला. दिग्दर्शक आणि नायक भगवान, नायिका गीता बाली, गीते राजेंद्र कृष्ण यांची. ‘शोला जो भडके’मधील बाँगो, क्लॅरिनेट आणि ट्रम्पेटची जुगलबंदी श्रोत्यांना नवीन होती. भगवान यांच्यासाठी स्वतः अण्णा ‘चितळकर’ या नावाने गायले. चिक चॉकलेट तर वाद्यवृंदासह पडद्यावरही दिसले. मात्र याच चित्रपटात लता मंगेशकर यांच्या स्वरातील पिलूच्या छायेतली अंगाईही आहे. एकाच ध्वनिमुद्रिका-संचात हॉटेलातला जॅझ आणि घरातला पाळणा शेजारी शेजारी नांदले, हे ‘अलबेला’चे खरे वैशिष्ट्य.

या यशाला टीकेची किनार होती. पाश्चात्त्य सुरावटींची उसनवारी हा अण्णांवरील कायमचा आक्षेप. तो सर्वस्वी निराधारही नव्हता. ‘समाधी’तील १९५० सालच्या ‘गोरे गोरे’ या गीताचे १९४५च्या एका अमेरिकी चित्रपटातील गाण्याशी असलेले नाते जाणकारांना ठाऊक आहे. १९५२मध्ये नभोवाणीमंत्री झालेल्या बाळकृष्ण केसकर यांच्या धोरणामुळे आकाशवाणीवरून चित्रगीते जवळपास हद्दपार झाली आणि श्रोते रेडिओ सिलोनकडे वळले. टीकाकारांना अण्णांनी उत्तर दिले ते कामातूनच. १९५३च्या ‘अनारकली’त त्यांनी भीमपलास आळवला, तर १९५७च्या ‘आशा’त ‘ईना मीना डीका’द्वारे रॉक अँड रोल आणला. २७ जानेवारी १९६३ रोजी दिल्लीत चीन युद्धातील हुतात्म्यांना वाहिलेली, लताबाईंनी गायलेली कवी प्रदीप यांची श्रद्धांजलीही त्यांचीच स्वररचना. मराठीत ‘घरकुल’ची गाणी आणि ग. दि. माडगूळकरांचे ‘गीतगोपाल’ हे त्यांचे ऋण.

‘माझ्या जीवनाची सरगम’ हे आत्मचरित्र लिहून ५ जानेवारी १९८२ रोजी त्यांनी मुंबईत जगाचा निरोप घेतला. चिक चॉकलेट १९६७मध्येच गेले होते. ऐश्वर्य गमावलेल्या भगवानदादांची अखेर २००२मध्ये दादरच्या चाळीत झाली.

‘अलबेला’चा ठेका मात्र तिघांनंतरही थांबला नाही. चित्रगीतातला जॅझ पुढे राहुल देव बर्मन यांच्या वाद्यवृंदात अधिक धीट झाला. २०१६मध्ये भगवानदादांवर ‘एक अलबेला’ हा मराठी चित्रपट निघाला, आणि वरातीत ‘भोली सूरत’ वाजले की आजही पावले आपोआप भगवान यांच्या लयीत पडतात. त्या लयीत पुणतांब्याच्या सुरांइतकाच हळदोण्याच्या श्वासाचा वाटा आहे. श्रेयनामावलीत मागे राहिलेल्या त्या गोमंतकीय वादकांची आठवण ठेवणे, ही अण्णांच्या संगीतालाही खरी दाद ठरेल.