यूजेन बुर्दों : दाबाला वाचा देणारा कारागीर

थोर पुरुषांचीं चरित्रें म्हटलीं म्हणजे राजे, सेनापति, कवि आणि साधुसंत यांजकडे आपलें लक्ष सहज वळतें. ज्यानें हातांत कानस आणि हातोडा धरून आयुष्य काढिलें, त्याचें चरित्र मात्र क्वचितच आपल्या वाचनांत येतें. अशाच एका कारागिराची हकीकत आम्ही या अंकांत देत आहों. त्याचें नांव यूजेन बुर्दों. आपल्याकडील फिटर व मेस्त्री लोक इंग्रजी वळणानें बोर्डन म्हणतात. पुष्कळांस तर तें माणसाचें नांव आहे हेंहि ठाऊक नसतें. कारखान्यांतील बाष्पपात्रापासून रुग्णालयांतील प्राणवायूच्या नळकांड्यापर्यंत आणि पंक्चरवाल्याच्या हवेच्या टाकीपर्यंत, जेथें जेथें दाब दाखविणारी कांट्याची गोल तबकडी दिसते, तेथें तेथें बहुधा या गृहस्थाचीच युक्ति आंत काम करीत असते.

यूजेनचा जन्म ८ एप्रिल १८०८ रोजीं पॅरिस शहरीं झाला. त्याचे वडील रेशमाचे व्यापारी होते. मुलानें आपली पेढी पुढें चालवावी, ही त्यांची इच्छा स्वाभाविकच होती. परमुलखाशीं व्यवहार करावयाचा तर परभाषा आली पाहिजे, म्हणून त्यांनीं यूजेनला जर्मन भाषा शिकण्याकरितां न्यूरेंबर्ग येथें दोन वर्षें ठेविलें. मुलानें आज्ञा पाळिली, भाषा शिकला, परत येऊन पेढीवर बसला. परंतु त्याचें मन रेशमाच्या गांठोड्यांत रमेना. तें यंत्रांकडे ओढ घेई. १८३० सालीं वडील वारल्यावर त्यानें चष्मे, दुर्बिणी व तत्सम उपकरणें करणाऱ्या एका कारखान्यांत काम धरलें आणि १८३२ सालीं स्वतःचें लहानसें कर्मशाळेचें दुकान थाटलें. पित्याच्या हयातींत त्यानें कर्तव्य टाळलें नाहीं आणि पुढें आपली आवडहि मारली नाहीं, ही गोष्ट मुलांनीं आणि पालकांनीं, दोघांनींहि लक्षांत घेण्याजोगी आहे.

त्याच वर्षीं त्यानें वाफेच्या यंत्राची एक प्रतिकृति तयार करून फ्रान्समधील उद्योगवर्धक मंडळीपुढें मांडली. या प्रतिकृतीचे नळे लोखंडाचे नसून कांचेचे होते. वाफ कशी आंत शिरते, दट्ट्या कसा पुढें-मागें सरतो, हें पाहणारास डोळ्यांनीं दिसावें हा त्यांतील हेतु. पुढें त्यानें अशीं शिकविण्याच्या उपयोगाचीं लहान यंत्रें दोनशेंहून अधिक बनविलीं. आमच्या मतें त्याच्या पुढील शोधाचें बीज येथेंच आहे. लोखंडाआड जें चाललें आहे तें माणसास दिसलें पाहिजे, हा ध्यास त्याच्या पहिल्या कामापासूनच दिसतो. १८३५ सालीं त्यानें आपली कर्मशाळा पॅरिसच्या फोबूर द्यु तांप्ल या भागांत नेली आणि तेथेंच त्याचें बहुतेक आयुष्य गेलें.

त्या काळीं वाफेचें राज्य सुरूं झालें होतें. गिरण्या, आगबोटी, आगगाड्या, सर्वांच्या पोटांत बाष्पपात्र असे. बाष्पपात्र म्हणजे बंदिस्त लोखंडी भांडें. आंतील दाब लोखंडाच्या शक्तीपलीकडे गेला कीं तें फुटे, आणि जवळचीं माणसें प्राणांस मुकत. दाब मोजण्याचें विश्वसनीय साधन म्हणजे पाऱ्याची नळी. परंतु पाऱ्याचा एक वातावरणाइतका दाब दाखविण्यास सुमारें ७६ सेंटिमीटर उंचीचा स्तंभ लागतो. सहा वातावरणांचा दाब मोजावयाचा तर साडेचार मीटरांहून उंच नळी पाहिजे. दोन मजली घराएवढी ही नाजुक कांच धक्के खात धांवणाऱ्या इंजिनावर कोण आणि कशी बसविणार? म्हणून इंजिनवाले पुष्कळदां अनुभवावर आणि अंदाजावर काम भागवीत. अंदाज चुकला तर दुसरी संधि मिळत नसे.

या अडचणीची सोडवणूक एका बिघडलेल्या कामांतून निघाली. बुर्दोंच्या कर्मशाळेंत एका यंत्राकरितां नळीचें वेटोळें तयार करीत असतां ती नळी मधेंच चेपली गेली. ती पुन्हां गोल करावी म्हणून तिचें एक तोंड बंद करून दुसऱ्या तोंडानें पंपाच्या साहाय्यानें जोराचें पाणी आंत सोडण्यांत आलें. नळी फुगून पूर्ववत् होऊं लागली खरी, परंतु त्याबरोबर तिचें वेटोळेंहि उलगडूं लागलें. दुसरा एखादा कारागीर ही नवी कटकट म्हणून चिडला असता. बुर्दोंनें पाहिलें कीं, दाब जितका वाढवावा तितकी नळी सरळ होते, आणि दाब काढला कीं ती परत वळते. जी गोष्ट दाबाबरोबर नियमानें हलते, तिच्यावरून दाब मोजतां येईल, हें त्यानें तत्काळ ओळखलें.

ही क्रिया समजण्यास मोठें गणित नको. आपल्या जत्रेंत गुंडाळी केलेली कागदी पिपाणी मिळते. फुंकर मारतांच ती सरळ होते आणि फुंकर थांबतांच पुन्हां गुंडाळते. बुर्दोंची नळी म्हणजे पितळेची अशीच पिपाणी. तिचा छेद गोल नसून चपटा असतो आणि ती विळ्यासारखी वळविलेली असते. तिचें एक टोंक पक्कें बसविलेलें, दुसरें बंद पण मोकळें. आंत दाब आला कीं चपटी नळी गोल होऊं पाहते व त्यायोगें तिचा बांक कमी होतो; मोकळें टोंक किंचित् सरकतें. ही बारीक हालचाल एक दांडी आणि दांतेरी चक्र वाढवून कांट्यास देतें व कांटा तबकडीवर फिरतो. यांत पारा नाहीं, कांचेची उंच नळी नाहीं; सर्व उपकरण तळहातावर मावतें.

१८४९ सालीं बुर्दोंनें या युक्तीचें पेटंट घेतलें. १८५१ सालीं लंडनमध्यें भरलेल्या जगप्रसिद्ध प्रदर्शनांत तिला वरिष्ठ दर्जाचें पदक मिळालें आणि फ्रेंच सरकारनेंहि त्याला मानचिन्ह दिलें. १८५२ सालीं एडवर्ड अ‍ॅशक्रॉफ्ट या अमेरिकन गृहस्थानें आपल्या देशापुरते हक्क विकत घेतले. मात्र यशाबरोबर कलहहि आला. ल्युसिआँ विदी या दुसऱ्या फ्रेंच संशोधकानें १८४४ सालीं पाऱ्यावांचून चालणारा वायुभारमापक काढला होता. त्यांत पातळ पत्र्याची निर्वात डबी हवेच्या दाबानें लवत असे. धातूच्या लवचिकपणानें दाब मोजण्याची कल्पना मूळ आपली, असें विदीचें म्हणणें. खटला वर्षानुवर्षें चालला व अखेरीस निकाल विदीच्या बाजूनें लागला. न्यायाची ही बाजू झांकून बुर्दोंचें स्तोत्र गाणें आम्हांस उचित वाटत नाहीं. परंतु चपट्या नळीची युक्ति बुर्दोंचीच, आणि जगानें तीच आपलीशी केली, हेंहि तितकेंच खरें.

तबकडी आली म्हणून अपघात थांबले, असें मात्र कोणी समजूं नये. २७ एप्रिल १८६५ रोजीं अमेरिकेंतील मिसिसिपी नदीवर सुलताना नांवाच्या आगबोटीचीं बाष्पपात्रें फुटून हजाराहून अधिक माणसें मेलीं. बोटींत प्रमाणाबाहेर माणसें भरलीं होतीं व एका गळक्या बाष्पपात्रास घाईघाईनें ठिगळ लावून बोट पुढें हांकली होती. उपकरण बोलतें, पण ऐकणारा आणि विचार करणारा माणूसच लागतो.

आतां ही हकीकत आमच्या चंद्रपूर-गडचिरोलीच्या मुलखास काय लागू, असें कोणी विचारील. वरोऱ्यास एकोणिसाव्या शतकांत कोळशाची खाण निघाली तेव्हांपासून वाफ आणि दाब यांशीं या भागाचा संबंध आहे. आज चंद्रपूरच्या औष्णिक वीजकेंद्रांत तर तो अहोरात्र आहे. पण त्याहून जवळचें उदाहरण रस्त्यावर मिळतें. आलापल्लीहून भामरागडाकडे जाणाऱ्या रानरस्त्यानें एखादी जुनी जीप रोग्यास घेऊन निघाली आहे असें समजा. मधेंच समोरचा ऑईलचा तांबडा दिवा लागतो. इंजिनच्या बेअरिंगांस तेल दाबानें पोहोंचलें नाहीं तर तीं थोड्याच वेळांत जळतात व गाडी जागींच बसते. दुसऱ्या पक्षीं, दिव्याची खूण खोटी असेल तर रोग्याचा अमूल्य वेळ उगाच जाणार. अशा वेळीं काय करावें?

जुन्या गाडींत इंजिनला एक लहान तुकडा आटे देऊन बसविलेला असतो. त्याला मेस्त्री ऑईल स्विच म्हणतात. त्याच्या पोटांत एक पातळ पडदा असतो. तेलाचा दाब आला कीं पडदा उचलला जातो व दिव्याचा प्रवाह तुटतो; दाब पडला कीं प्रवाह जुळतो व दिवा लागतो. हा पडदा विदीच्या डबीशीं नातें सांगतो. वर्षानुवर्षें उष्णता आणि धक्के खाऊन तो फाटतो, किंवा आंतील जोड खराब होतो, आणि मग हा साक्षीदार खोटें बोलूं लागतो. परंतु तो खोटें बोलतो हें सिद्ध झाल्यावांचून तसें धरून चालणें हा मोठा धोका आहे.

म्हणून पहिलें काम म्हणजे इंजिन बंद करणें. गाडी सपाट जागीं उभी करून कांहीं मिनिटें थांबावें, डिपस्टिक काढून तेलाची पातळी पाहावी आणि खालीं चेंबरपाशीं गळती आहे काय तें पाहावें. तेल कमी असेल तर दिवा खरें बोलला. तेल भरावें व गळतीचा शोध करावा. पातळी ठीक असल्यास, इंजिन बंद ठेवून किल्ली फिरवावी व स्विचवरील वायर काढावी. तरीहि दिवा जळत राहिला, तर वायर कोठें तरी सोलून गाडीच्या अंगास टेकली आहे. दिवा विझला तर वायर निर्दोष. परंतु पुष्कळ लोक येथेंच फसतात. वायर काढल्यावर दिवा विझला म्हणून स्विच खराब ठरत नाहीं. इंजिन बंद असतां निरोगी स्विचहि असेंच वागेल. खऱ्या निवाड्यास दुसरा साक्षीदार हवा.

तो साक्षीदार म्हणजे बुर्दोंची तबकडी. स्विच काढून त्याच जागीं योग्य आट्यांची नळी लावून दाबमापक जोडावा, इंजिन क्षणभर चालू करावें आणि कांटा पाहावा. कांटा उठला नाहीं तर लगेच बंद करावें; दोष पंप, जाळी किंवा बेअरिंग यांत आहे, आणि ती गाडी ओढूनच न्यावी. कांटा चढला तर इंजिन गरम होऊं देऊन पुन्हां पाहावा, कारण गरम तेल पातळ होऊन दाब उतरतो. हजार फेऱ्यांस सुमारें १० पौंड, हा जुन्या मेस्त्र्यांचा ढोबळ आडाखा आहे. पण त्या गाडीच्या पुस्तिकेंतील आंकडा हाच प्रमाण मानावा. आंकडा बरोबर असून दिवा मात्र जळत असेल, तर आणि तरच, स्विच दोषी.

मग तो बदलणें अवघड नाहीं. इंजिन थंड होऊं द्यावें. नवीन तुकडा त्याच आट्यांचा व त्याच दाबाचा आहे हें ताडून पाहावें. जागा पुसून प्रथम हातानें आटे धरवावे, मग पान्यानें बेतानें आवळावा. जोर केल्यास आटे जातात. गळती थांबविण्यास फीत गुंडाळावयाची तर थोडीच, कारण एका वायरीच्या स्विचला परतीचा प्रवाह त्या आट्यांतूनच मिळतो. वायर लावून किल्ली फिरवितां दिवा लागला पाहिजे आणि इंजिन चालू होतांच विझला पाहिजे. नंतर गळती व तेलाची पातळी पुन्हां पाहावी. किल्ली फिरवूनहि जो दिवा लागतच नाहीं, तो निर्दोष नसून मुका आहे. त्याचा बल्ब वा वायर तपासल्यावांचून गाडी रानांत नेऊं नये.

ज्या दोघां संशोधकांनीं न्यायालयांत एकमेकांशीं वर्षानुवर्षें भांडण केलें, त्यांच्या कल्पना आज एकाच इंजिनवर शेजारीं येऊन एक दुसऱ्याची परीक्षा करतात, हें नवल नव्हे काय? भांडण सरलें, काम उरलें.

बुर्दोंनें १८७२ सालीं कारखाना आपला मुलगा एदुआर याच्या हवालीं केला. पैसा आणि कीर्ति दोन्ही मिळालीं होतीं. स्वस्थ बसावयास हरकत नव्हती. पण त्याची जिज्ञासा थकली नाहीं. वाऱ्याचा वेग मोजण्याचें एक उपकरण त्यानें हातीं घेतलें. त्याचा प्रयोग करीत असतां तो पडला आणि त्या दुखापतीनें २९ सप्टेंबर १८८४ रोजीं, वयाच्या ७६ व्या वर्षीं, पॅरिस येथें त्याचा अंत झाला.

विद्यार्थिमित्रहो, चेपलेली नळी या जगांत पुष्कळांनीं पाहिली असेल. ती कां हलली हें एकानें विचारलें. तुमच्या हातून प्रयोगशाळेंत कांहीं बिघडलें, तर तें फेकण्यापूर्वीं क्षणभर निरखून पाहा. आणि पालकहो, तुमचें मूल घड्याळ खोलून बसलें तर रागावण्यापूर्वीं तें काय शोधीत आहे एवढें विचारा. कदाचित् त्याला उत्तर देतां येणार नाहीं. पण विचारणारें कोणी आहे, हें त्याला कळेल.