अंगणात आलेली शाळा

एके काळी ठाणे जिल्ह्याचा विस्तार फार मोठा होता. त्याच्या एका टोकास ठाणे, कल्याण, डोंबिवली ही लोहमार्गालगत वाढलेली गावे होती, तर दुसऱ्या टोकास डहाणू तालुक्यातील वारली लोकांचे पाडे होते. गावांत शाळेची घंटा वाजे. पाड्यांवरची मुले मात्र गुरांमागे रानात जात. त्या मुलांसाठी ज्यांनी आपले उत्तरायुष्य वेचले, त्या ताराबाई मोडक यांची ही जीवनकथा आहे.

ताराबाईंचा जन्म १८९२ साली मुंबईस झाला. त्यांचे वडील सदाशिवराव केळकर हे प्रार्थनासमाजाचे कार्यकर्ते. मुलींनी शिकावे असे मानणारी घरे तेव्हा थोडी होती. ताराबाईंना तसे घर लाभले. १९१४ साली त्या मुंबई विद्यापीठाच्या पदवीधर झाल्या. पुढे राजकोट येथील स्त्री-अध्यापन महाविद्यालयाच्या प्राचार्यपदाचा मान त्यांना मिळाला. परंतु भावनगरास गिजुभाई बधेका लहान मुलांच्या शिक्षणाचे नवे प्रयोग करीत आहेत हे कळताच त्या पदाचा मोह सोडून त्या गिजुभाईंच्या कार्यात सहभागी झाल्या. मूल म्हणजे मारून-मुटकून घडवायचा मातीचा गोळा नव्हे, ते स्वतःच्या गतीने उमलणारे फूल आहे, ही श्रद्धा त्यांच्या मनात तेथेच दृढ झाली. १९२६ साली नूतन बाल शिक्षण संघाची स्थापना झाली, आणि १९३६ नंतर दादरच्या शिशुविहारात त्यांचे कार्य बहरले.

तथापि त्यांच्या मनास एक शल्य बोचत होते. बालशिक्षणाची किमती साधने सुखवस्तू घरांतील मुलांच्याच हाती पडत. ज्यांना त्यांची सर्वांत अधिक निकड होती ती मुले दूरच राहत. म्हणून १९४५ साली, वयाच्या त्रेपन्नाव्या वर्षी, त्या समुद्रकाठच्या बोर्डी गावी गेल्या. तेथे अनुताई वाघ त्यांना येऊन मिळाल्या. शाळा उघडली, पण मुले येईनात. तेव्हा ताराबाईंनी ठरविले, की मुले शाळेत येत नाहीत तर शाळेनेच मुलांकडे जावे. वस्तीतील एखादे अंगण झाडून-सारवून तेथेच बालवाडी भरू लागली. शंख-शिंपले, बिया, पाने, खडे हीच तिची साधने. मुलांची नखे कापावीत, त्यांना न्हाऊ-माखू घालावे, मगच गाणी-गोष्टींस आरंभ व्हावा, असा क्रम असे. हीच अंगणवाडी! पुढे हे कार्य कोसबाडच्या टेकडीवर गेले, आणि गुरे राखणाऱ्या मुलांसाठी कुरणातही शाळा भरली. १९६२ साली भारत सरकारने ताराबाईंना पद्मभूषण देऊन गौरविले. १९७३ साली त्यांची जीवनयात्रा संपली.

त्यांच्या मागे दोनच वर्षांनी, १९७५ मध्ये, बालकांच्या पोषणासाठी व आरोग्यासाठी देशभर एक योजना सुरू झाली. तिच्या केंद्रांना अंगणवाडी हेच नाव मिळाले. अंगणात जाऊन मूल पाहण्याचे मोल किती मोठे आहे, हे एका उदाहरणावरून कळेल.

आहारात अ जीवनसत्त्व कमी पडले की प्रथम रातांधळेपणा येतो. मंद प्रकाशात दिसण्यासाठी डोळ्याच्या आतील पडद्यास जे द्रव्य लागते, ते या जीवनसत्त्वापासूनच बनते. असे मूल दिवसा खेळते-बागडते. पण दिवेलागणीस चाचपडू लागते, ठेचाळते, अथवा आईचा पदर धरून एका जागी बसून राहते. पुढे डोळ्यांचा पांढरा भाग निस्तेज व कोरडा होतो आणि त्यावर साबणाच्या फेसासारखा पांढुरका ठिपका दिसू लागतो. येथवर उपचार झाले तर दृष्टी वाचते. दुर्लक्ष झाले, किंवा त्यातच गोवर वा अतिसार झाला, तर बुबुळावरील पारदर्शक पटल कोरडे पडते, त्यास व्रण होतो, आणि थोड्याच दिवसांत ते मऊ पडून मूल कायमचे आंधळे होऊ शकते.

या रोगाची पहिली पावले वेदनेवाचून पडतात. मूल रडत नाही, म्हणून आई त्याला दवाखान्यात नेत नाही. अशा वेळी मुलाला रोज जवळून पाहणारे कोणी अंगणात असले, तर ते पाऊल वेळीच ओळखता येते.

प्रतिबंधाचा मार्ग सोपा आहे. नवजात बालकास आईचे पहिले चिकाचे दूध द्यावे. मोठ्या मुलांच्या जेवणात शेवग्याचा पाला, माठ, लाल भोपळा, गाजर, पपई, आंबा असावा; दूध व अंड्यातील बलकही उपयुक्त. भाजीबरोबर थोडे तेल असले म्हणजे हे सत्त्व अंगी लागते. याखेरीज नवव्या महिन्यापासून पाच वर्षांपर्यंत दर सहा महिन्यांनी अ जीवनसत्त्वाची मात्रा शासनातर्फे मोफत पाजली जाते. अशा एकूण नऊ मात्रा असतात.

डहाणू तालुका २०१४ पासून पालघर जिल्ह्यात आहे. जिल्ह्याची सीमा बदलली. पण कोसबाडच्या पाड्यावर असो वा कल्याण-डोंबिवलीच्या दाट वस्तीत असो, अंगणवाडीच्या दारात चिमुकल्या मुखात औषधाचा चमचा पडतो, तेव्हा ताराबाईंनी घालून दिलेली वाटच पुढे चालत असते. ज्याला आपल्यापर्यंत येता येत नाही, त्याच्यापर्यंत आपण जावे, हाच त्यांच्या जीवनाचा धडा आहे.