आकाश मराठीत सांगणारे मास्तर : शंकर बाळकृष्ण दीक्षित



गेल्या संक्रांतीला शाळेत तिळगुळाचा कार्यक्रम झाला, तेव्हा मी दरवर्षीप्रमाणे चार शब्द बोलले. आजपासून सूर्याचे उत्तरायण सुरू होते आणि दिवस मोठा होऊ लागतो, असे सांगितले. कार्यक्रम संपल्यावर सहावीतली एक मुलगी माझ्या टेबलापाशी येऊन उभी राहिली. भूगोलाच्या पुस्तकात सर्वांत लहान दिवस २२ डिसेंबरचा दिला आहे, मग त्यापुढचे तीन आठवडे दिवस लहानच राहतो का, असे तिने विचारले. मी घाईत होते. पुस्तकातले परीक्षेत लिही आणि कार्यक्रमातले घरी लक्षात ठेव, असे काहीतरी बोलून मी तिला वर्गात पाठवले.

संध्याकाळी ते मनाला लागून राहिले. प्रश्न अगदी बरोबर होता, आणि उत्तर मला यायला हवे होते. कारण ते ज्या ग्रंथात आहे तो मी कॉलेजात असताना हातात घेतला होता.

माझे शिक्षण इथेच ग्वाल्हेरात, हिंदी माध्यमातून झाले. कॉलेजच्या लायब्ररीत 'भारतीय ज्योतिष' नावाचा एक जाडजूड हिंदी ग्रंथ होता. उत्तर प्रदेश सरकारने तो १९५७ साली छापला होता आणि अनुवादक होते शिवनाथ झारखंडी. मूळ लेखकाचे नाव वाचले आणि मी थबकले : शंकर बाळकृष्ण दीक्षित. म्हणजे मूळ ग्रंथ मराठी! घरात मराठी बोलणाऱ्या मुलीला एका मराठी ग्रंथकाराची ओळख हिंदीतून झाली. याचे वाईट वाटून घ्यावे की आनंद मानावा, हे मला आजही नीट ठरवता येत नाही. झारखंडी यांचे आभार मात्र मानलेच पाहिजेत. त्यानंतर या माणसाविषयी जिथे जे मिळाले ते मी वाचत गेले. आज त्यांच्याविषयी लिहिते आहे ते त्या सहावीतल्या मुलीसाठी.

दीक्षितांचा जन्म जुलै १८५३ मध्ये रत्नागिरी जिल्ह्यात दापोलीजवळच्या मुरूड गावी झाला. (जंजिऱ्याचे मुरूड वेगळे. हे मुरूड महर्षी कर्वे यांचे.) शिक्षण गावच्या मराठी शाळेत झाले, शिवाय संस्कृत आणि वेदपठण. पुढे काही काळ त्यांनी दापोलीच्या कोर्टात उमेदवारी केली आणि तिथे थोडे इंग्रजी शिकले. १८७० साली ते पुण्याच्या ट्रेनिंग कॉलेजात, म्हणजे शिक्षक तयार करणाऱ्या शाळेत दाखल झाले. १८७४ मध्ये मॅट्रिक पास झाले. त्यापुढे कॉलेज नाही, पदवी नाही. पालकांनी इकडे जरा लक्ष द्यावे. ज्यांच्या गणितावर पुढे लंडनला पुस्तक निघाले, ते मॅट्रिक झालेले शाळामास्तर होते.

नोकरी आयुष्यभर शिक्षकाचीच केली. आधी रेवदंड्याच्या मराठी शाळेचे हेडमास्तर, मग ठाणे, मग बार्शीची इंग्रजी शाळा, मग धुळ्याचे ट्रेनिंग स्कूल आणि शेवटची चार वर्षे पुण्याचे ट्रेनिंग कॉलेज. बदली झाली की बिऱ्हाड उचलायचे, नव्या गावी पुन्हा मुले, हजेरी, तपासायच्या वह्या. आम्हा शिक्षकांना हे चांगले ठाऊक आहे. ग्रंथ लिहायला वेळ मिळत नाही ही आमची नेहमीची तक्रार. दीक्षितांनी हे सगळे सांभाळून वयाच्या तेविसाव्या वर्षी, १८७६ साली, 'विद्यार्थीबुद्धिवर्धिनी' हे पुस्तक लिहिले आणि १८८२ साली 'सृष्टिचमत्कार'.

त्याच सुमारास ते ज्योतिषाकडे वळले. इथे ज्योतिष म्हणजे पत्रिका आणि भविष्य नव्हे, तर आकाशातल्या ज्योतींचे गणित. या वाटेवर त्यांना एक सोबती आपल्या ग्वाल्हेरचे मिळाले, हे आपल्याकडे फारसे कुणाला माहीत नसते. विसाजी रघुनाथ लेले मूळचे नाशिकचे, पण शिंदे सरकारच्या नोकरीनिमित्त ग्वाल्हेरात राहिलेले. आपल्या पंचांगातला सूर्य आणि आकाशातला सूर्य यांची फारकत झाली आहे, असे ते वर्तमानपत्रांतून तळमळीने लिहीत. लेले, जनार्दन बाळाजी मोडक आणि दीक्षित या तिघांनी मिळून एक वेगळे पंचांग काढायला सुरुवात केली. ते 'सायन पंचांग'.

आता त्या मुलीचा प्रश्न. पृथ्वी स्वतःभोवती फिरते हे तुम्हाला माहीत आहे. पण जमिनीवर फिरणारा भोवरा जसा फिरता फिरता डुलतो, तसा पृथ्वीचा आसही अगदी सावकाश डुलतो. एक डुलणे पुरे व्हायला सुमारे २६,००० वर्षे लागतात. त्यामुळे ऋतू आणि नक्षत्रे यांचा मेळ हळूहळू सुटत जातो, सुमारे ७२ वर्षांत एका दिवसाने. आपले नेहमीचे पंचांग सूर्याची जागा ताऱ्यांवरून मोजते. सूर्य ताऱ्यांच्या हिशेबाने मकर राशीत शिरला की संक्रांत, आणि ती सध्या १४ किंवा १५ जानेवारीला येते. सूर्य खरोखर उत्तरेकडे वळतो तो मात्र २१-२२ डिसेंबरला. सुमारे १७०० वर्षांपूर्वी या दोन्ही गोष्टी एकाच वेळी घडत, म्हणून संक्रांत आणि उत्तरायण ही नावे एकमेकांना चिकटली. पुढे आकाश सरकले, नावे तिथेच राहिली. म्हणजे भूगोलाचे पुस्तक बरोबर होते आणि माझे भाषण १७०० वर्षे जुने होते!

पंचांगातले महिने ऋतूंशी जुळलेले असावेत, हे सायन पंचांग काढणाऱ्यांचे म्हणणे. लोकांनी ते स्वीकारले नाही. सण वाडवडील करत आले त्याच दिवशी करायचे, असा सर्वसाधारण कल होता आणि आजही आहे. मीही संक्रांत जानेवारीतच करते. पण आपण काय करतो आणि आकाशात काय घडते, हे दोन्ही ठाऊक असलेले बरे.

दीक्षितांच्या गणिताचा उपयोग इतिहासालाही झाला. गुप्त राजांचे शिलालेख सापडले होते, त्यांवर वर्षांचे आकडे होते, पण ती वर्षे कधीपासून मोजायची यावर विद्वानांत वाद होता. या कामात जे. एफ. फ्लीट या इंग्रज अधिकाऱ्याला दीक्षितांनी गणित करून दिले. एक उदाहरण आपल्या मध्य प्रदेशातलेच आहे. सागर जिल्ह्यात, बीनाजवळ एरण नावाचे गाव आहे. तिथल्या दगडी स्तंभावर राजा बुधगुप्ताच्या काळचा लेख आहे : गुप्त वर्ष १६५, आषाढ शुद्ध द्वादशी, गुरुवार. आता गंमत बघा. वर्षाची सुरुवात चुकीची धरली तर त्या तिथीला गुरुवार येईलच असे नाही. १६५ मध्ये ३१९ मिळवले की इसवी सन ४८४ येते. त्या वर्षी आषाढ शुद्ध द्वादशी २१ जूनला होती आणि त्या दिवशी गुरुवारच होता. वार जुळला आणि गुप्त संवताच्या आरंभाला भक्कम आधार मिळाला. फ्लीट यांचा ग्रंथ १८८८ साली निघाला आणि त्यात दीक्षितांची गणिताची रीत परिशिष्टात छापली आहे. संगणक तर सोडाच, साधे गणकयंत्रही हाताशी नसताना चौदाशे वर्षांपूर्वीचा वार काढणे म्हणजे किती पाने गुणाकार-भागाकार झाले असतील, याचा गणित नावडणाऱ्यांनी जरूर विचार करावा.

१८९६ साली त्यांचे दोन मोठे ग्रंथ निघाले. एक इंग्रजीत, रॉबर्ट सेवेल यांच्यासोबत लिहिलेला, 'द इंडियन कॅलेंडर'. जुन्या तिथीची इंग्रजी तारीख कशी काढायची, याची कोष्टके त्यात आहेत आणि इतिहासाच्या अभ्यासकांनी ती पिढ्यान्‌पिढ्या वापरली. दुसरा म्हणजे 'भारतीय ज्योतिषशास्त्र', ज्याचा हिंदी अनुवाद मी पाहिला तो. वेदकाळापासून त्यांच्या स्वतःच्या काळापर्यंत आपल्या देशात आकाशाचा अभ्यास कसकसा होत गेला, कुणी कोणता ग्रंथ लिहिला, कुठे चूक केली, हे सगळे त्यात आहे. पुण्याच्या दक्षिणा प्राइझ कमिटीने या विषयावर ग्रंथ मागवले होते, त्यातून हे काम उभे राहिले आणि त्याला बक्षीसही मिळाले.

या विद्वत्तेपेक्षा मला मात्र त्यांचे एक लहान पुस्तक अधिक जवळचे वाटते. १८९२ च्या सुमाराचे 'ज्योतिर्विलास अथवा रात्रीची दोन घटका मौज'. नाव वाचूनच गच्चीवर जावेसे वाटते. एक घटका म्हणजे २४ मिनिटे. पूर्वी घटिकापात्र असे. तळाला बारीक छिद्र असलेले तांब्याचे भांडे पाण्यावर सोडायचे, ते भरून बुडाले की एक घटका झाली. दोन घटका म्हणजे ४८ मिनिटे, आपल्या शाळेच्या एका तासाहून थोडी जास्त. तेवढा वेळ रात्री बाहेर उभे राहा, मी काय दिसते ते सांगतो, असा त्या पुस्तकाचा बेत. तारे, ग्रह, त्यांची अंतरे, हे सगळे समोर बसलेल्या माणसाशी बोलावे तसे सोप्या मराठीत सांगितले आहे. त्या काळी रात्रीचे आकाश सर्वांना दिसत होते, विजेचे दिवे नव्हते. घरोघरी पंचांग होते आणि नक्षत्रांची नावे आजीला पाठ होती. पण ती नक्षत्रे किती लांब आहेत, ती कशाची बनली आहेत, ग्रह मागे का जातो, हे मुलाने विचारले तर हाती द्यायला मराठी पुस्तक कुठे होते? मोठ्या विद्वानाने असे पुस्तक लिहिणे म्हणजे वेळ वाया घालवणे, असे पुष्कळांना वाटते. दीक्षितांना तसे वाटले नाही. मला वाटते, जन्म वर्गात गेल्यामुळे मुले काय विचारतात ते त्यांना ठाऊक होते.

आकाशाकडे नुसते बघून केवढे मोठे काम होते, याचा त्यांनीच दाखवलेला एक नमुना सांगते. शतपथ ब्राह्मण या प्राचीन ग्रंथात कृत्तिका पूर्व दिशेपासून ढळत नाहीत असे म्हटले आहे. कृत्तिका म्हणजे तो इवलासा ताऱ्यांचा झुबका, थंडीत संध्याकाळी सहज दिसतो. पण आज त्या नेमक्या पूर्वेला उगवत नाहीत, बऱ्याच उत्तरेकडे सरकून उगवतात. मग त्या नेमक्या पूर्वेला कधी उगवत असतील? भोवऱ्याचे ते डुलणे लक्षात घेऊन दीक्षितांनी गणित केले आणि उत्तर आले इसवी सनापूर्वी सुमारे ३००० वर्षे. १८९५ साली त्यांनी ते एका इंग्रजी नियतकालिकात मांडले. सर्वच विद्वानांना ते पटले नाही आणि वाद अजून मिटलेला नाही. पण हजारो लोकांनी वाचलेल्या एका ओळीवरून उठून पूर्वेकडे बघावेसे या मास्तरांना वाटले, हे मला फार मोठे वाटते.

एप्रिल १८९८ मध्ये पुण्यात त्यांचे निधन झाले. वय अवघे ४४. 'भारतवर्षीय भूवर्णन' हे पुस्तक त्यांच्या मृत्यूनंतर १८९९ साली बाहेर आले.

पुढची हकिकत आपल्या प्रांताशी जोडलेली आहे. स्वातंत्र्यानंतर भारत सरकारने मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली पंचांग सुधारणा समिती नेमली. तिच्यात उज्जैनच्या माधव कॉलेजचे प्रा. र. वि. वैद्य हे एक सदस्य होते. २२ मार्च १९५७ रोजी, म्हणजे १ चैत्र शके १८७९ ला, आपली राष्ट्रीय दिनदर्शिका सुरू झाली. तिचे महिने ऋतूंना धरून, म्हणजे सायन आहेत. लेले-दीक्षितांचे पंचांग लोकांनी घेतले नव्हते, पण त्यामागचा विचार साठ-सत्तर वर्षांनी सरकारी कागदावर आला. याच वैद्यांनी पुढे 'भारतीय ज्योतिषशास्त्रा'चा इंग्रजी अनुवाद केला, त्याचा पहिला भाग १९६९ साली निघाला आणि दुसरा १९८१ साली.

राहता राहिली ती मुलगी. आता ती सातवीत आहे. मी तिला बोलावून गेल्या वर्षीचे माझे उत्तर चुकले होते हे सांगितले आणि वर लिहिलेले सगळे समजावले. तिने ऐकून घेतले आणि हे आपल्याला स्वतः बघता येईल का, असे विचारले. येईल. २१ डिसेंबरला शाळेच्या गच्चीवर एक मीटरची काठी सरळ उभी करायची. ग्वाल्हेरात सूर्य त्या दिवशी सव्वाबाराच्या सुमारास सर्वांत उंच असतो. तेव्हा काठीची सावली साधारण ११७ सेंटिमीटर पडेल. मग संक्रांतीला पुन्हा मोजायची. त्या दिवशी सूर्य सर्वांत उंच यायला आणखी दहा-बारा मिनिटे लागतात. तेव्हा सावली १०९ च्या आसपास यायला हवी, म्हणजे दिवस आधीच वाढू लागलेला असणार. ज्या विद्यार्थ्यांना यायचे आहे त्यांनी मोजपट्टी आणि वही घेऊन दोन्ही दिवशी बारा वाजता गच्चीच्या जिन्यापाशी जमावे. ढग असतील तर दुसऱ्या दिवशी मोजू. पालकांनाही येता येईल. काठी सरळ धरायला ओळंबा लागेल, तो कुणाच्या घरी असल्यास कृपया आणावा.